काडतुसांच्या पितळी पुंगळ्यांची सफाई व झिलई

बंदूक, रायफल, पिस्तूल इ. लघुशस्त्रांच्या काडतुसातील प्रणोदक दारू, आघाताने पेटणारी टोपी आणि गोळी यांना एकत्र धरून ठेवणाऱ्या धातूच्या पोकळ नळकांड्यास पुंगळी म्हणतात. बहुतेक पुंगळ्या सु. ७० टक्के तांबे व ३० टक्के जस्त असलेल्या पितळाच्या केलेल्या असतात. निर्मितीच्या वेळी पुंगळीवर राहिलेले वंगण व ऑक्साइड आणि बार उडाल्यानंतर तिच्यावर साचलेली काजळी काढून टाकण्याची सर्वांत प्रचलित रीत म्हणजे पुंगळ्या एखाद्या दाणेदार पदार्थाबरोबर फिरत्या पिंपात अथवा कंप पावणाऱ्या पात्रात घोळणे ही होय. या क्रियेस घोळण आणि तीत वापरण्यात येणाऱ्या दाणेदार पदार्थास घोळण-माध्यम असे म्हणता येईल. लाकडाचा भुसा, अक्रोडाच्या कवचाचे कण, मक्याच्या कणसातील गाभ्याचा चुरा, मृत्तिका-खडे व अगंज पोलादाच्या टाचण्या ही प्रमुख माध्यमे होत.

सफाई म्हणजे पृष्ठभागावरील एक थर काढून टाकणे. कोणता थर काढावयाचा आणि कोणता राखावयाचा, हे पुंगळीचे पुढे काय करावयाचे आहे यावर ठरते. कारखान्यातील नव्या पुंगळीवरील वंगण पूर्णपणे निघून जावे लागते. पुन्हा भरावयाच्या पुंगळीवरील काजळी जावी, परंतु तिची घडण बिघडू नये अशी अपेक्षा असते. गुन्ह्याच्या स्थळी सापडलेल्या पुंगळीवरील काजळी मात्र स्वतःच पुरावा ठरू शकते. त्यामुळे माध्यमाची निवड हा केवळ चकाकीचा प्रश्न नाही. गेल्या सु. दीडशे वर्षांत तो धातुविज्ञान, कामगारांचे आरोग्य व न्यायदान या तिन्ही क्षेत्रांशी जोडला गेला असून त्याच्या इतिहासातील एक महत्त्वाचा अध्याय भारतातील पावसाळ्याशी संबंधित आहे.

पितळी पुंगळीचा उदय : १८५७ च्या उठावाच्या वेळी गाजलेली एन्‌फील्ड रायफलीची काडतुसे कागदाची होती. काडतूस दाताने तोडून दारू नळीत ओतीत आणि गोळी कागदासह आत ठासीत; बार उडाल्यावर पुंगळीसारखे काही मागे राहत नसे. नळीच्या मागील बाजूने भरावयाच्या बंदुका प्रचारात आल्यावर दारूचे तप्त वायू मागे निसटू न देणारे आवरण आवश्यक झाले. ब्रिटिश सेनाधिकारी एडवर्ड बॉक्सर यांनी १८६६ च्या सुमारास स्नायडर रायफलीसाठी तयार केलेल्या काडतुसाचे अंग पितळाच्या पातळ पत्र्याच्या गुंडाळीचे होते. १८७१ मध्ये ब्रिटिश सैन्याने स्वीकारलेल्या मार्टिनी-हेन्री रायफलीचे काडतूसही आरंभी याच पद्धतीचे होते. अशी पुंगळी सहज चेपत असे व बार उडाल्यावर बंदुकीच्या कोठीत अडकून बसे. १८८५ मधील सूदानच्या मोहिमेत या दोषाबद्दल तीव्र तक्रारी झाल्या. त्यानंतर अखंड पितळापासून ओढून काढलेल्या पुंगळ्यांचा वापर वाढत गेला. १८८८ मध्ये स्वीकारण्यात आलेल्या ०·३०३ इंची रायफलीची काडतुसे अखंड पितळी पुंगळीचीच होती. गुंडाळीची पुंगळी एकदाच वापरता येई. अखंड पुंगळी मात्र घासता, तपासता आणि अनेकदा पुन्हा भरता येते. सफाईच्या प्रश्नाला खरे महत्त्व येथून आले.

महाराष्ट्रात पुण्याजवळील खडकी येथे १८६९ मध्ये दारूगोळ्याचा कारखाना स्थापन झाला. तेथे तयार झालेल्या ०·३०३ इंची काडतुसांच्या पुंगळीच्या बुडावर ‘के एफ’ ही अक्षरे ठोकलेली आढळतात. स्वातंत्र्योत्तर काळात, १९६४ मध्ये, जळगाव जिल्ह्यातील भुसावळजवळ वरणगाव येथे लघुशस्त्रांच्या काडतुसांचा कारखाना सुरू झाला व पुढे तेथे ७·६२ मिमी. आणि ५·५६ मिमी. व्यासाची काडतुसे तयार होऊ लागली. १ ऑक्टोबर २०२१ रोजी आयुध निर्माणी मंडळाची पुनर्रचना होऊन सात सरकारी कंपन्या स्थापन झाल्या. त्यांपैकी पुण्यास मुख्यालय असलेल्या म्युनिशन्स इंडिया लिमिटेड या कंपनीकडे हे दोन्ही कारखाने सोपविण्यात आले.

घोळणाची पूर्वपीठिका : कठीण कणांबरोबर वस्तू लोळवून ती घासण्याची कल्पना जुनी आहे. मध्ययुगीन यूरोपात साखळी-चिलखतांवरील गंज काढण्यासाठी ती वाळूसह पिंपात घालून लोळवीत. पितळ स्वच्छ करण्याची घरगुती रीतही याच दोन तत्त्वांवर आधारलेली आहे. महाराष्ट्रात पितळी भांडी चिंच वा लिंबू आणि राख किंवा विटकरीची पूड यांनी घासण्याचा प्रघात होता. चिंचेतील टार्टारिक अम्ल अथवा लिंबातील सायट्रिक अम्ल तांब्याची ऑक्साइडे व हिरवा कळंक विरघळविते, तर राख वा विटकर अपघर्षकाचे काम करते. आधुनिक घोळण-माध्यमांत हीच विभागणी दिसून येते : कोरड्या पद्धतीत अपघर्षणावर, तर ओल्या पद्धतीत सौम्य अम्ल व अपघर्षण या दोहोंवर भिस्त असते. फरक एवढाच की, भांड्याचा पत्रा थोडा झिजला तरी बिघडत नाही. पुंगळी मात्र विशिष्ट मापाच्या कोठीत चपखल बसावी लागते आणि तिच्यातील वायूंचा दाब सहन करावा लागतो.

निर्मितीतील सफाई : पुंगळी तयार करताना पितळाच्या पत्र्यातून चकत्या कापून त्यांना प्रथम उथळ प्याल्याचा आकार देतात. हे प्याले क्रमाक्रमाने लहान होत जाणाऱ्या साच्यांतून ओढून लांब नळकांडी करतात. थंड अवस्थेत ओढल्यामुळे पितळ कठीण व ठिसूळ होत जाते; म्हणून दोन ओढींच्या दरम्यान ते तापवून मऊ करतात. या क्रियेस अनुशीतन म्हणतात. अनुशीतनामुळे पृष्ठभागावर ऑक्साइडाचा काळसर थर बसतो. तो विरल सल्फ्यूरिक अम्लात बुडवून काढतात व नंतर पुंगळ्या साबणाच्या पाण्याने धुतात. हा थर राहिल्यास त्याचे कठीण कण पुढील ओढीत साचा व पुंगळी या दोहोंवर ओरखडे पाडतात. धुतलेल्या पुंगळ्या लाकडाच्या भुशाबरोबर फिरत्या पिंपात घोळण्याची रीत एकोणिसाव्या शतकापासून कारखान्यांत रूढ होती. भुसा पाणी शोषून घेतो व थोडी चकाकीही आणतो. यासाठी राळ नसलेल्या कठीण लाकडाचा भुसा घेतात, कारण राळेचा चिकट थर पुंगळीवर बसतो.

बहुतेक लष्करी काडतुसांच्या पुंगळीच्या मानेवर निळसर-तपकिरी पट्टा दिसतो. अखेरच्या टप्प्यात मान व तोंड तापवून मऊ केल्याची ती खूण असून ती मुद्दाम राखली जाते. नागरी वापराच्या काडतुसांत ती बहुधा घोळून काढून टाकतात. अनभिज्ञ व्यक्तीस हा पट्टा डाग वाटतो. तपासनिसाच्या दृष्टीने मात्र एक आवश्यक प्रक्रिया पार पडल्याचा तो पुरावा असतो. या प्रक्रियेची आवश्यकता कशी पटली, याचा इतिहास उद्बोधक आहे.

पावसाळा व पितळाचे तडे : एकोणिसाव्या शतकात भारतातील ब्रिटिश सैन्याच्या साठ्यातील पितळी काडतुसे वापरण्यापूर्वीच तडकलेली आढळू लागली. हा प्रकार विशेषतः पावसाळ्यात व घोड्यांच्या पागेजवळ ठेवलेल्या साठ्यांत दिसून आला. या दोषास धातुविज्ञानात ‘सीझन क्रॅकिंग’ ही संज्ञा रूढ झाली. मराठीत त्यास ऋतुजन्य भंग असे म्हणता येईल. त्याचे समाधानकारक स्पष्टीकरण १९२१ मध्ये एच्. मूर, एस्. बेकिन्सेल व सी. ई. मॅलिन्सन या ब्रिटिश संशोधकांनी दिले. घोड्यांच्या मूत्रापासून निर्माण होणारा अमोनिया वायू दमट हवेत पितळावरील ओलाव्यात विरघळतो व तांब्याबरोबर विद्राव्य संयुगे बनवितो. थंड अवस्थेत ओढलेल्या पितळात तणावाची अवशिष्ट प्रतिबले असतात. मानेत गोळी घट्ट बसविल्यामुळे त्यांत भर पडते. ताणलेल्या धातूवर अमोनियाची क्रिया झाली म्हणजे तिच्या स्फटिककणांच्या सीमांवरून तडे पसरत जातात. यासाठी प्रतिबल, ओलावा व अमोनिया ही तिन्ही कारणे एकत्र यावी लागतात. पुंगळी सु. २५०° ते ३००° से. तापमानास तापविल्यास तिचे काठिण्य फारसे न गमावता अवशिष्ट प्रतिबले पुष्कळशी कमी होतात, असेही या संशोधनातून स्पष्ट झाले.

सफाईच्या दृष्टीने या शोधाचा निष्कर्ष सरळ आहे. पितळ झटपट उजळविणाऱ्या अनेक द्रवरूप पॉलिशांत अमोनिया असतो. दाराच्या कड्या किंवा गणवेशाची बटणे यांना त्यापासून सहसा धोका नसतो, कारण त्यांच्यावर दाब येत नाही. पुंगळीच्या बाबतीत मात्र असे पॉलिश कटाक्षाने टाळतात. घोळण-माध्यमात मिसळावयाचे चकाकीद्रव्यही अमोनियारहित असावे लागते. महाराष्ट्राच्या किनारपट्टीवर ही दक्षता अधिकच आवश्यक आहे. मुंबईच्या सांताक्रूझ वेधशाळेत पावसाळ्यात नोंदली जाणारी सापेक्ष आर्द्रता अनेकदा ८० टक्क्यांहून अधिक असते व सागरी हवेतील क्लोराइडांमुळे पितळ लवकर काळवंडते. अशा हवेत चकचकीत घासलेली पुंगळीही पुन्हा मलिन होते. म्हणून सफाईनंतर ती पूर्ण वाळवून कोरड्या बंद डब्यात ठेवणे हे झिलईइतकेच महत्त्वाचे असते.

पुनर्भरणाचे प्रश्न : काळी दारू वापरात असताना बार उडाल्यावर पुंगळीत पोटॅशियमाची कार्बोनेट, सल्फाइड इ. लवणे राहत. ती हवेतील ओलावा शोषून पितळ खातात. म्हणून रिकाम्या पुंगळ्या शक्य तितक्या लवकर पाण्यात टाकून धूत असत. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस धूरहीन दारू आली व हा गाळ पुष्कळ कमी झाला. परंतु दुसरी अडचण उभी राहिली. टोप्यांत वापरण्यात येणाऱ्या पाऱ्याच्या फल्मिनेटापासून मुक्त होणारा पारा पूर्वी काळ्या दारूच्या विपुल गाळात अडकून राही. आता तो सरळ पितळाशी संयोग पावून पुंगळी ठिसूळ करू लागला. अशी पुंगळी बाहेरून कितीही उजळली, तरी तिची गेलेली ताकद परत येत नाही. पारा नसलेल्या टोप्या प्रचारात आल्यानंतरच धूरहीन दारूच्या पुंगळ्यांचे पुनर्भरण विश्वसनीय झाले. चकाकी व सुरक्षितता या भिन्न गोष्टी आहेत, हे या प्रकरणाने दाखवून दिले. सफाईचा खरा उपयोग असा की, काजळीखाली झाकलेले केसासारखे तडे आणि बुडाजवळील पातळ झालेल्या भागाची चमकदार रेघ ही दिसू लागतात व सदोष पुंगळी वेळीच बाद करता येते.

माध्यमांचे प्रकार : कोरड्या पद्धतीत अक्रोडाचे कवच व मक्याच्या कणसाचा गाभा ही दोन माध्यमे सर्वाधिक प्रचारात आहेत. अक्रोडाच्या टणक कवचाचे कण धारदार कडांचे असून ते काजळी व जुने डाग लवकर काढतात; पृष्ठभागावर मात्र काहीशी मंद छटा राहते. सु. ०·८ ते १·७ मिमी. आकाराचे कण सामान्यतः वापरतात. झिलईसाठी या कणांना लोह ऑक्साइडाची लाल भुकटी चोळलेली असल्यास काम जलद होते, पण तांबडी धूळ पुंगळीच्या आत व हातांवर बसते. दाणे काढून घेतल्यावर उरणाऱ्या मक्याच्या कणसाचे बुरकुंड वाळवून भरडले असता मिळणारे कण अधिक शोषक असतात. ते वंगण टिपून घेतात व उजळ चकाकी आणतात. मात्र जुनाट डागांवर त्यांचा प्रभाव कमी पडतो. म्हणून प्रथम अक्रोड व नंतर मका असा क्रम पुष्कळदा ठेवतात. सु. ०·४ ते ०·८ मिमी. आकाराचा मक्याचा चुरा टोपीखालील, सु. २ मिमी. व्यासाच्या, अग्निछिद्रातून सहज बाहेर पडतो. त्याहून थोडे मोठे कण छिद्रात अडकण्याचा संभव असतो. त्यामुळे कणाचा आकार निवडताना चकाकीपेक्षा या छिद्राचा विचार आधी करावा लागतो.

लाकडाचा भुसा, तांदळाचे दाणे व भाताचे तूस हे स्वस्त पर्याय होत. तुसात सिलिकेचे प्रमाण बरेच असल्यामुळे ते घासण्याचे काम करते. परंतु ते हलके असल्याने त्याचा दाब कमी पडतो व वेळ अधिक लागतो. वाळू मात्र सर्वथा वर्ज्य समजतात. तिचे कण पितळाहून बरेच कठीण असून त्यांचे ओरखडे पुंगळीवर तर पडतातच, शिवाय पितळात रुतलेले कण पुढे साचे व बंदुकीची कोठी यांना इजा करतात.

ओल्या पद्धतीत पाणी, सौम्य प्रक्षालक व अल्प सायट्रिक अम्ल यांच्याबरोबर अगंज पोलादाच्या बारीक टाचण्या वापरतात. सामान्यतः त्यांचा व्यास सु. १·२ मिमी. व लांबी सु. ६·५ मिमी. असते. त्या पुंगळीच्या आत व टोपीच्या खोबणीतही शिरत असल्यामुळे पुंगळी अंतर्बाह्य नव्यासारखी दिसते. कोरड्या माध्यमांना हे सहसा साधत नाही. माध्यम झिजत नसल्याने ते वर्षानुवर्षे टिकते व लोहचुंबकाने वेगळे करता येते. त्याच्या मर्यादाही आहेत. टाचण्यांचे जोड पुंगळीच्या मानेत अडकून बसतात, म्हणून प्रत्येक पुंगळी तपासावी लागते. पुंगळ्या फार वेळ घोळल्यास त्यांची तोंडे परस्परांवर आपटून ठोकरल्यासारखी बोथट होतात. घोळणानंतर खळबळून धुणे व वाळविणे अपरिहार्य असते. आत राहिलेला पाण्याचा थेंब दारू निकामी करू शकतो. मृत्तिका-खडे हे औद्योगिक सफाईतील माध्यम असून ते टाचण्यांपेक्षा मंद गतीने काम करतात. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात श्राव्यातीत ध्वनितरंगांनी द्रवात सूक्ष्म बुडबुडे निर्माण करून सफाई करण्याची पद्धतही प्रचारात आली. तीत अपघर्षण जवळजवळ नसते. पुंगळी स्वच्छ होते, पण चकाकत नाही.

यंत्रे : फिरते पिंप हे सर्वांत जुने साधन होय. त्याच्या आतील बाजूस उभ्या पट्ट्या किंवा कोन असल्यास पुंगळ्या घसरत न राहता उचलल्या जाऊन पुन्हा खाली पडतात व घर्षण सर्व बाजूंनी होते. पिंप काठोकाठ भरल्यास पुंगळ्या हलत नाहीत व अगदी रिकामे ठेवल्यास त्या परस्परांवर आदळून चेपतात. विसाव्या शतकाच्या मध्यानंतर रूढ झालेल्या कंपन-पात्रात तिरक्या वजनाच्या फिरण्याने पात्र थरथरते व पुंगळ्या माध्यमातून सावकाश वर्तुळाकार सरकतात. कोरड्या माध्यमांसाठी हे पात्र, तर पाणी व टाचण्या यांसाठी पिंप सोयीचे ठरते. कोरड्या पद्धतीत साधारणतः दोन ते चार तास व ओल्या पद्धतीत एक ते तीन तास लागतात.

सफाईतील दोष : अम्ल तीव्र असल्यास किंवा पुंगळ्या त्यात फार वेळ राहिल्यास पितळातील जस्त आधी विरघळते व पृष्ठभागावर तांब्याचे गुलाबी डाग पडतात. हा जस्तक्षय खोलवर गेला असल्यास पितळ सच्छिद्र व दुर्बल होते. म्हणून गुलाबी झालेली पुंगळी घासून पिवळी करण्याऐवजी ती बाद करणे श्रेयस्कर असते. अतिघोळणाने बुडावरील ठोकलेली अक्षरे पुसट होतात. कारखाना, निर्मितीचे वर्ष, काडतुसाचा प्रकार इ. माहिती त्या अक्षरांवरूनच मिळत असल्याने त्यांचा लोप हा गंभीर दोष मानला जातो.

आरोग्य : पाऱ्याची जागा घेणाऱ्या आधुनिक टोप्यांपैकी बहुसंख्य टोप्यांत शिसे स्टिफ्नेट हे संयुग असते. बार उडाल्यावर शिशाचे सूक्ष्म कण पुंगळीत राहतात व कोरड्या घोळणात ते माध्यमात मिसळतात. पात्राचे झाकण उघडताना, पुंगळ्या चाळताना व जुने माध्यम टाकून देताना ही विषारी धूळ उडते. शिसे शरीरात साठत जाणारे असून लहान मुलांच्या मेंदूच्या वाढीवर त्याचा विशेष अनिष्ट परिणाम होतो. यामुळे हे काम राहत्या खोलीत किंवा स्वयंपाकघरात करू नये, नाकातोंडावर योग्य गाळणी लावावी, काम झाल्यावर हात धुवावेत व कपडे बदलावेत असे सांगितले जाते. माध्यमात किंचित ओलसर कागदाचे तुकडे टाकल्यास ते बरीच धूळ धरून ठेवतात. ओल्या पद्धतीत धूळ उडत नाही. मात्र शिसे धुवणात उतरते व ते सांडपाण्यात सोडणे योग्य नसते. काही देशांत अलीकडे शिसेरहित टोप्याही वापरात आल्या आहेत.

भारतातील स्थिती : अमेरिकेत हौशी नेमबाजांनी घरी काडतुसे पुन्हा भरण्याची मोठी परंपरा असून अक्रोड, मका व टाचण्या या माध्यमांचा प्रसार मुख्यतः तिच्यामुळे झाला. भारतात १९५९ च्या शस्त्र अधिनियमानुसार परवान्याविना दारूगोळा तयार करता येत नाही आणि अधिनियमातील दारूगोळ्याच्या व्याख्येत त्याच्या सुट्या भागांचाही समावेश होतो. सैन्य व पोलीस दलांत सरावानंतर रिकाम्या पुंगळ्या मोजून जमा करण्याची शिस्त आहे. साहजिकच पुंगळ्यांच्या सफाईचे क्षेत्र येथे प्रामुख्याने कारखाना व प्रयोगशाळा एवढेच राहिले आहे. यांपैकी प्रयोगशाळेतील सफाईचा हेतू कारखान्यातील हेतूच्या अगदी उलट असतो.

न्यायसहायक विज्ञानातील सफाई : बार उडताना पुंगळीचे बूड बंदुकीच्या मागील ठोकळ्यावर जोराने दाबले जाते आणि त्या ठोकळ्याच्या पृष्ठभागावरील सूक्ष्म रेषा पितळावर उमटतात. आघात-खिळीचा खळगा, पुंगळी ओढून काढणाऱ्या आकडीचा ओरखडा व कोठीच्या भिंतींच्या रेषा याही खुणा राहतात. दोन पुंगळ्यांवरील खुणा एकाच वेळी शेजारीशेजारी पाहता येतील असा तुलनात्मक सूक्ष्मदर्शक १९२५ च्या सुमारास न्यूयॉर्क येथे चार्ल्स वेट, फिलिप ग्रॅव्हेल व कॅल्व्हिन गॉडर्ड यांच्या गटाने या कामी उपयोगात आणला. इंग्लंडमध्ये १९२७ साली झालेल्या गटरिज या पोलीस शिपायाच्या खुनाच्या खटल्यात एका रिकाम्या पुंगळीच्या बुडावरील खुणा निर्णायक ठरल्या व १९२८ मध्ये दोघांना शिक्षा झाली.

महाराष्ट्रात अशा परीक्षणाचे प्रमुख केंद्र मुंबईच्या सांताक्रूझ (पूर्व) उपनगरात कालिना येथे, मुंबई विद्यापीठाच्या विद्यानगरी परिसरालगत असलेली न्यायसहायक वैज्ञानिक प्रयोगशाळा हे होय. या प्रयोगशाळेची स्थापना १९५८ मध्ये झाली. २६ नोव्हेंबर २००८ रोजी मुंबईवर झालेल्या दहशतवादी हल्ल्याच्या खटल्यात घटनास्थळांवरून मिळालेल्या गोळ्या व पुंगळ्या यांचा जप्त शस्त्रांशी संबंध दाखविणारा तेथील तज्ञाचा पुरावा न्यायालयापुढे आला.

पुराव्याच्या पुंगळीस घोळण हा पर्याय नसतो. ज्या रेषा तुलनेसाठी हव्यात त्यांची उंची अत्यंत अल्प असते. घोळणाने त्या बोथट होतातच, शिवाय नव्या बनावट रेषाही उमटतात. म्हणून न्यायसहायक विज्ञानात सर्वसाधारण क्रम असा असतो : पुंगळीचे आहे त्या स्थितीत छायाचित्र घ्यावयाचे, तिच्यावरील बोटांचे ठसे, जैविक अंश व दारूचे अवशेष यांची तपासणी आधी उरकावयाची, त्यानंतर आवश्यक वाटल्यासच मऊ कुंचला व सौम्य विद्रावक यांनी केवळ सैल मळ दूर करावयाचा. चिखलात किंवा खाऱ्या पाण्यात सापडलेल्या गंजक्या पुंगळीवरील कळंक सौम्य रासायनिक द्रवाने थोडाथोडा काढतात व प्रत्येक टप्प्यास निरीक्षण करतात. तारेचा कुंचला, अपघर्षक भुकटी वा चकाकीद्रव्य यांचा वापर करीत नाहीत.

पितळाच्या पृष्ठभागाचे हे मूल्य अलीकडे आणखी वाढले आहे. इंग्लंडमधील जॉन बाँड यांनी २००८ मध्ये असे दाखविले की, घामातील लवणांमुळे बोटांच्या ठशाच्या रेषांनुसार पितळ सूक्ष्म प्रमाणात गंजते आणि पुंगळी पुसली वा धुतली तरी हा ठसा पुष्कळदा टिकून राहतो. पुंगळीस विद्युत् भार देऊन तिच्यावर सूक्ष्म पूड पसरल्यास ती गंजलेल्या रेषांना चिकटते व ठसा दृश्य होतो. हा ठसा धातूच्या अगदी वरच्या थरात असल्याने धुण्याने तो जात नाही. परंतु अक्रोडाच्या वा टाचण्यांच्या घोळणात तोच थर प्रथम निघून जातो. कारखान्यात जी क्रिया सफाई ठरते, तीच प्रयोगशाळेत पुराव्याचा नाश ठरते.